डॉली अहलुवालियांचा कपडेपट

महोदय,

आपल्या रविवारच्या पुरवणीत हिंदी चित्रपटांतल्या चरित्र अभिनेत्रींवर लेख आला होता. त्यात डॉली अहलुवालिया यांच्या वाट्याला चार ओळी आल्या. ‘विकी डोनर’मधली सासूबरोबर रात्री पेग भरणारी पार्लरवाली सून वाचकांच्या लक्षात आहे, ते ठीकच. पण शेवटी त्या ‘फॅशन डिझायनिंगही’ करतात अशी पुस्ती जोडली होती. वेशभूषेच्या धंद्यातल्या आम्हा मंडळींना ती फार लागली, म्हणून हे पत्र. जरा लांबले आहे. जागेअभावी कापायचे झाले तर आमचे मत कापा, कामाचा तपशील राहू द्या.

आधी हिशेब. डॉलीजींना राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार तीन वेळा मिळाला. वेशभूषेसाठी दोन : ४३ व्या पुरस्कारांत ‘बँडिट क्वीन’ला आणि ६२ व्या पुरस्कारांत ‘हैदर’ला. अभिनयासाठी एक : ६० व्या पुरस्कारांत ‘विकी डोनर’मधली सहायक अभिनेत्री म्हणून, तोही मल्याळी अभिनेत्री कल्पना यांच्याबरोबर विभागून. २००१ चा संगीत नाटक अकादमी पुरस्कार वेशभूषेसाठीच होता. ‘ओंकारा’चे फिल्मफेअरही वेशभूषेचेच. तेव्हा पुस्ती जोडायचीच होती तर ‘त्या अभिनयही करतात’ अशी हवी होती. खरे तर तीही चुकीचीच ठरली असती, कारण दोन्ही कामांचे मूळ एक आहे. त्या दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकल्या. पुण्यात जन्मलेल्या इब्राहिम अल्काझींनी त्या संस्थेला जे वळण लावले त्यात नट होऊ पाहणाऱ्यालाही नेपथ्य, प्रकाश, वेशभूषा यांत हात काळे करावे लागत. अल्काझींच्या नाटकांची वेशभूषा त्यांच्या पत्नी रोशन अल्काझी करत, आणि भारतीय पेहरावाचा अभ्यास हा त्यांचा स्वतंत्र विषय होता. अशा ठिकाणी शिकलेल्या माणसाला कपडा हा अभिनयाचाच भाग वाटतो. आपल्या जुन्या नाटक मंडळ्यांतही ‘कपडेपट’ (नाटकातल्या कपड्यांचा विभाग) हा शब्द ‘रंगपटा’च्या (नटांच्या रंगभूषेच्या खोलीच्या) शेजारी बसतो, तो उगाच नव्हे.

आता काम. ‘बँडिट क्वीन’ घ्या. खाकी वर्दी, कपाळावर लाल पट्टी, खांद्यावर शाल : फूलनदेवीचे हे रूप १९८३ च्या शरणागतीच्या छायाचित्रांमुळे देशभर माहीत होते. बघणाऱ्याला वाटते, दुकानातून खाकी आणली, शिंप्याकडे टाकली, झाले. पण कोरी खाकी घातलेला माणूस बीहडातला, म्हणजे चंबळच्या दऱ्याखोऱ्यांतला डाकू दिसत नाही, परेडला निघालेला होमगार्ड दिसतो. कपडा जुना करणे हे या धंद्यातले अर्धे काम आहे, आणि त्याबद्दल कोणी लिहीत नाही.

त्याची रीत अशी. सुती कापड शिवण्याआधीच धुवून आटवून घ्यायचे. साधे सुती कापड शेकडा तीन ते पाच आटते, खादी त्याहून जास्त. हे टाळले तर दुसऱ्या धुण्यानंतर बाही मनगटावरून वर चढते. शिवून झाल्यावर धुण्याचा सोडा घालून दोन-तीनदा उकळायचे, म्हणजे खळ आणि वरचा रंग उतरतो. ओले असतानाच खिशांत दगडगोटे भरून टांगायचे आणि तसेच वाळू द्यायचे. खिसे लोंबतात, खांदे खाली येतात, म्हणजे अंगावर वर्षभर वागवलेल्या कपड्यासारखा तो पडतो. सुकल्यावर पॉलिश पेपर, आधी ८० नंबरचा, मग १२० चा. तो फक्त कॉलरची घडी, कफांची कड, खिशाचे तोंड, कोपर आणि गुडघा एवढ्याच जागी. त्यावर तारेचा ब्रश हलक्या हाताने. शेवटी मुलतानी माती आणि थोडा गेरू पातळ फडक्याच्या पुरचुंडीत बांधून कोरडाच थोपटायचा. तो शिवणींत जाऊन बसतो. घामासाठी ग्लिसरीन आणि पाणी निम्मे निम्मे, फवाऱ्याने काखेत, पाठीच्या कण्यावर आणि पट्ट्याच्या वरच्या बाजूला. नुसते पाणी मारले तर चंबळच्या उन्हात दोन मिनिटांत उडून जाते आणि पुढच्या टेकला नट ताजातवाना.

नवखा माणूस इथे हमखास चुकतो. तो सगळा कपडा सारखा मळवतो. ऊन मात्र सारखे लागत नसते. खांदे आणि पाठ फिकी पडते. खिशाच्या झडपेखाली, पट्ट्याखाली, दुमडलेल्या बाहीच्या आत मूळ रंग तसाच राहतो. बाही उलगडली आणि आतून गडद पट्टा दिसला नाही, तर जाणकार डोळा लगेच ओळखतो. दुसरी चूक कापडाची. टेरिकॉट (सुती आणि पॉलिएस्टरची मिसळ) घेतले तर वरची सगळी मेहनत पाण्यात. पॉलिएस्टर रंग सोडत नाही, चहा-माती धरत नाही, आणि पॉलिश पेपर मारला की विरण्याऐवजी त्याचे गोळे येतात.

त्यात चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही. जागा मिळेल तशी दृश्ये घेतली जातात. फाटलेला, रक्ताने माखलेला सदरा पहिल्या आठवड्यात लागतो आणि तोच सदरा कोरा असतानाचे दृश्य दीड महिन्याने. म्हणून एका सदऱ्याच्या तीन अवस्था एकाच वेळी तयार ठेवाव्या लागतात : नवा, वापरलेला, फाटका. प्रत्येक अवस्थेचा एक सदरा कलाकाराला, एक मारामारीतल्या डुप्लिकेटला. झाले सहा. रक्ताच्या दृश्याला तीन टेक धरले तर आणखी तीन. पडद्यावर जो एक सदरा दिसतो तो कपडेपटात नऊ असतो. ४४ इंची पन्ह्याचे सव्वादोन मीटर एका पूर्ण बाहीच्या सदऱ्याला, म्हणजे नवांना वीस मीटरहून थोडे अधिक. आटणे आणि ऐनवेळचे ठिगळ धरून पंचवीस मीटर, आणि तेही एकाच ताक्यातून. दुसऱ्या ताक्याचा रंग डोळ्याला तोच दिसतो, कॅमेऱ्यात एक छटा सरकतो. मग संकलकाने दोन शॉट शेजारी लावले की सदरा चालता चालता रंग बदलतो.

‘ओंकारा’बद्दल तर मराठी वाचकाला जास्त कुतूहल असायला हवे. कथा मेरठकडची, पण चित्रीकरणाचा मोठा भाग आपल्या वाईत झाला. वाईचा घाट पश्चिम उत्तर प्रदेश म्हणून खपवायचा तर देऊळ आणि नदी एक वेळ जमते, माणसे जमत नाहीत. आपल्याकडे पाचवारीचा पदर डाव्या खांद्यावरून मागे जातो. तिकडच्या गावात तो मागून उजव्या खांद्यावर येऊन पुढे पसरतो आणि डोक्यावरून घूंघट निघतो. आपल्या धोतराचा काष्टा, आपली पांढरी टोपी, म्हाताऱ्या बायकांचे नऊवारी, हातातल्या हिरव्या बांगड्या, हे सगळे गर्दीच्या कोपऱ्यात एकदा जरी दिसले तरी मेरठचा सातारा होतो. गर्दीतल्या माणसांचा कपडेपट म्हणूनच नायकाच्या कपड्यांपेक्षा जास्त वेळ खातो. शंभर माणसे उभी करायची तर पहाटे चारला सुरुवात, दर वीस माणसांमागे एक ड्रेसमन, आणि बायकांकडे पदर लावून देणाऱ्या वेगळ्या. पदराची दिशा बदलली की चालही बदलते. सवय नसलेली बाई सारखा उजवा खांदा सावरते, आणि ते पडद्यावर दिसते. तिला निदान तासभर आधी नेसवून इकडेतिकडे फिरायला लावणे हाच उपाय. या चित्रपटात सगळा घोटाळा एका कमरबंदावरून होतो. शेक्सपिअरच्या ‘ऑथेल्लो’ या मूळ नाटकातल्या हातरुमालाची जागा त्याने घेतली आहे. रुमाल खिशात मावतो. कमरबंद वजनाने घसरतो, वाजतो, साडीच्या निऱ्यांत अडकतो. तो ज्या प्रसंगात अंगावर आहे, जिथे नुसता हातात आहे आणि जिथे दुरून चमकला पाहिजे, त्या प्रत्येकाचे मागणे वेगळे. असा दागिना एकच बनवून भागत नाही. कडी तुटली की अख्खे युनिट बसून राहते.

पांढऱ्या रंगाचे प्रकरण वेगळे. दीपा मेहतांच्या ‘वॉटर’ची वेशभूषा डॉलीजींची. काळ १९३८, जागा काशीचा विधवाश्रम, आणि जवळजवळ सगळी पात्रे पांढऱ्या साडीत. (वाराणसीतला सेट २०००मध्ये उधळला गेल्यावर पुढे हा चित्रपट श्रीलंकेत पुरा झाला.) लोकांना वाटते, सगळे पांढरे म्हणजे काम सोपे. आम्हाला विचारा. आजच्या पांढऱ्या सुती कापडात आणि कपड्यांच्या पावडरीत चकाकी आणणारी रसायने असतात. मोठ्या दिव्यांखाली किंवा उन्हात ती निळसर झळकतात आणि चेहरा काळा पडतो. म्हणून पडद्यावरचा पांढरा खरा पांढरा नसतोच, तो चहात बुडवलेला असतो. एक लिटर पाण्याला चार-पाच चमचे चहा पूड, दहा मिनिटे उकळून गाळून घ्यायची, कापड आधी साध्या पाण्यात भिजवून मग त्यात पंधरा-वीस मिनिटे सतत हलवत ठेवायचे. कोरडे कापड तसेच टाकले की डाग डाग उठतात. नंतर तुरटीच्या पाण्यातून काढायचे, म्हणजे पहिल्या धुण्यात रंग निघून जात नाही. पण सगळ्या साड्या एकाच पातेल्यातून काढल्या तर आश्रमातली प्रत्येक बाई आज सकाळीच तिथे आल्यासारखी दिसेल. वीस वर्षे तिथे काढलेली म्हातारी आणि कालपरवा केस कापून आणलेली पोर यांच्या पांढऱ्यात फरक हवा. एकीचे कापड विरलेले आणि पिवळट, दुसरीचे जाड आणि अजून खळ न उतरलेले. सहा-सात पांढरे वेगळे काढायचे, त्यांना क्रमांक द्यायचे, आणि तो तक्ता कॅमेरामनला चाचणीच्या दिवशीच दाखवायचा. शिवाय सुती साडी भिजली की पारदर्शक होते. नदीच्या दृश्यांत अंगाच्या रंगाचे अस्तर आतून द्यावे लागते, आणि साडी ओलीच नेसवावी लागते, कारण घाटावर कोणाचीच साडी पूर्ण कोरडी नसते.

‘भाग मिल्खा भाग’मध्ये अडचण उलटी. १९६० च्या रोम ऑलिंपिकमधल्या धावपटूंच्या अंगावर ताणला जाणारा कपडा नव्हता. सुती विणीची बंडी आणि सुती चड्डी. ती घाम पिते, जड होते, खाली लोंबते. आजच्या नटाला त्यात धावायला जमत नाही आणि आजचा कपडा दिला तर साल खोटे पडते.

मग ‘हैदर’. १९९५ चे काश्मीर. फिरन हा नुसता ढगळ झगा नाही. हिवाळ्यात आत सुती थर आणि वर लोकरीचा असे दोन झगे घालतात, हात बाहीतून आत ओढून घेतात आणि आत कांगडी, म्हणजे ऊब घेण्याची छोटी शेगडी असते. कांगडीत खरे निखारे असतात. इथे स्वस्तातले ॲक्रिलिक वापरले तर ते पेटते आणि वितळून अंगाला चिकटते. लोकर जळते तेव्हा आधी वास येतो आणि मग ती विझायला बघते, त्यामुळे निदान सावध व्हायला वेळ मिळतो. म्हणून तिथे लोकरच, दिसायला काहीही चालत असले तरी.

त्याच चित्रपटात हैदरची प्रेयसी अर्शिया वडिलांसाठी विणते तो लाल मफलर आहे. त्याच मफलरने पुढे हैदरचे हात बांधले जातात, आणि वडील गेल्यावर वेड लागलेली अर्शिया तो उसवत बसते, त्या लाल लोकरीत गुंतून जाते. समीक्षकांनी प्रतीक म्हणून यावर पुष्कळ लिहिले. कपडेपटाच्या बाजूने पाहा. असा मफलर विणताना अर्धा दाखवायचा, पुरा दाखवायचा, गाठ मारून ताणायचा आणि शेवटी उसवायचा, म्हणजे एकाच लोकरीचे निदान पाच-सहा लागतात. आणि विणकाम जिथे सुरू केले त्या टोकाने सरसर उसवत नाही. तिथे धागा अडकतो. जिथे टाके बंद केले त्या टोकाची शेवटची गाठ सोडली तरच तो एका ओढीत निघत जातो. नटीच्या हातात चुकीचे टोक दिले तर शोकाच्या दृश्यात ती धाग्याशी झटापट करत बसेल. म्हणून योग्य टोकाला आतल्या बाजूने खुणेचा टाका घालून ठेवायचा. प्रत्येक टेकला नवा मफलर, कारण एकदा उसवलेली लोकर कुरळी होते आणि ते लगेच कळते. कपडा आणि अभिनय कुठे जोडले जातात ते यात दिसते. टोक चुकले तर नटीचा सगळा भाव वाया.

हे ज्याला हाताने माहीत आहे तो स्वतः कॅमेऱ्यासमोर उभा राहिला की काय होते? ‘विकी डोनर’मध्ये लाजपतनगरची ती पार्लरवाली विधवा दिवसभर ग्राहकांच्या भुवया करते, मुलाला शिव्या घालते, रात्री कमलेश गिल यांच्या बीजीबरोबर, म्हणजे सासूबरोबर बसून पिते. त्या बैठकींतला डॉलीजींचा सहजपणा पाहा. कपड्याकडे त्यांचे लक्ष आहे असे कुठेही वाटत नाही. ते जमते कसे, हे आम्हाला रोजच्या अनुभवाने माहीत आहे. नट सेटवर कपड्याशी भांडतो तो बहुतेकदा मुंढ्यामुळे, म्हणजे बाही जिथे जोडतात त्या भागामुळे. शिंपी ‘मोकळे वाटावे’ म्हणून मुंढा खोल कापतो आणि उलटे होते. हात वर केला की अख्खा कुर्ता वर ओढला जातो. मुंढा काखेशी जवळ बसवला तर हात एकटाच उचलला जातो, कुर्ता जागेवर राहतो. तसाच छातीवर लपवलेला माइक. खळीचे सुती आणि ऑर्गंझा त्यावर घासून खरखरते, संवाद पुन्हा डब करावा लागतो. दोन-चारदा धुतलेला मऊ कॉटन गप्प राहतो. ओढणी एका खांद्यावर असेल तर पेला उचलायचा हात दुसरा हवा, नाहीतर प्रत्येक टेकला ती वेगळ्या जागी घसरते आणि पुढचा शॉट जुळत नाही. वेशभूषाकार नट झाला की हे गणित डोक्यात आपोआप चालू असते. पुढच्याच वर्षी ‘बजाते रहो’मध्ये त्यांना मोठी भूमिका मिळाली, तीही घरंदाज पंजाबी बाईची. त्याच चौकटीत त्यांना पुन्हा पुन्हा बसवले गेले, हे आमच्या मते हिंदी चित्रपटवाल्यांचे आळशीपण.

महाराष्ट्राने तरी या विषयात इतके अनभिज्ञ असू नये. कोल्हापूरच्या चित्रकार अण्णासाहेब राजोपाध्ये यांची कन्या भानू अथय्या यांना १९८३ मध्ये ‘गांधी’साठी जॉन मोलो यांच्याबरोबर ऑस्कर मिळाले. त्या वेळी आपल्या राष्ट्रीय पुरस्कारांत वेशभूषा नावाचा विभागच नव्हता. तो पुढे १९८४ च्या चित्रपटांपासून आला. भानूताईंच्या ऑस्करच्या बाहुलीचा फोटो वर्तमानपत्रांत दर काही वर्षांनी छापून येतो, पण बॅरिस्टरच्या सुटापासून पंचापर्यंतचा गांधींचा प्रवास किती टप्प्यांत आणि कोणत्या कापडात दाखवला, यावर एक परिच्छेद शोधून सापडत नाही.

आमचे मागणे दोनच आहे. आपल्या चित्रपट-परीक्षणाखाली दिग्दर्शक, संगीत, छायाचित्रण अशी नावे छापता, त्यात ‘वेशभूषा’ हा एक शब्द वाढवा. आणि हे काम करणाऱ्याला फॅशन डिझायनर म्हणू नका. फॅशनवाला माणूस उद्या कोणी काय घालावे ते ठरवतो. आम्हाला अमुक साली अमुक गावात अमुक मिळकतीच्या माणसाने काय घातले असते ते शोधावे लागते, आणि ते बहुतेकदा कुरूपच असते.

मागच्या लेखाची दुरुस्ती छापायची असेल तर एक ओळ पुरेल : डॉली अहलुवालिया, वेशभूषाकार आणि अभिनेत्री.

– चित्रपट व नाटकांच्या वेशभूषा विभागात काम करणारे काही जण, मुंबई